अशुभ घटकांची वही

चौगुले मास्तर घरातून निघायला नेहमी तयार असत, पण निघत नसत. धोतर, काळा कोट, टोपी, काखेत छत्री, पायांत वहाणा, एवढा जामानिमा करून ते उंबऱ्याच्या आत उभे राहत. रस्त्याने जाणारा कुणी विचारी, "काय मास्तर, कुठं निघालासा?" तर म्हणत, "अजून सात मिनिटं चांगली वेळ हाय. ती टळू दे, मग निघतो."

ते गेल्याचं पत्र मला बेळगावला मिळालं त्याला दीड महिना झाला. तेव्हापासून मी हे लिहायला बसतो आणि उठतो. त्यांच्याविषयी काहीही लिहिलं तरी ते थट्टेसारखं दिसतं, आणि मला त्यांची थट्टा करायची नाही. पण घडलं ते तसंच होतं, त्याला माझा इलाज नाही.

मी मूळचा येळ्ळूरचा. निपाणीच्या शाळेत मराठी शिकवायला लागलो तेव्हा भरमाप्पा चौगुले तिथं शास्त्र शिकवत होते. जैन शेतकऱ्याच्या घरातले; घरी थोडी शेती, थोडी तंबाखू. मुंबई-पुण्याकडची बुद्धिवाद्यांची मासिकं ते पोस्टाने मागवत आणि तासाला मुलांना वाचून दाखवत. कुणी "शास्त्रात सांगितलंय" म्हणालं की त्यांचा एकच प्रश्न असे, "कुठल्या पानावर? पान सांगा." हेडमास्तरांनी एकदा रजेच्या अर्जावर "नियमात बसत नाही" असा शेरा मारला, तेव्हाही त्यांनी पान विचारलं होतं. पान सापडलं नाही. रजा मिळाली.

गावात त्यांनी बुद्धिवादी मंडळ काढलं होतं. सभासद तीन: ते स्वतः, मी, आणि शाळेचा शिपाई बाळाप्पा. बाळाप्पाला बरेच दिवस ते भजनी मंडळ वाटत होतं. खरं कळल्यावरही तो सोडून गेला नाही. म्हणाला, "हितं उभं ऱ्हावं लागत न्हाय, ते बरं हाय."

मी आल्याच्या दुसऱ्या वर्षी सूर्यग्रहण होतं. मास्तरांनी आठवडाभर आधीपासून मुलांकडून काचांवर काजळी धरवून घेतली. ग्रहणाच्या दिवशी शाळेच्या पटांगणात मुलं काचा डोळ्यांना लावून उभी, कुंपणाबाहेर गाव उभं. ऐन वेळी मास्तरांची स्वतःची काच हातातून निसटून फुटली. त्यांनी मुलाची मागून घ्यायला हवी होती. पण कुंपणापलीकडून कुणीतरी म्हणालं, "आता बघा, मास्तर आत पळतंय." मास्तर आत पळाले नाहीत. त्यांनी मान वर केली आणि उघड्या डोळ्यांनी सूर्याकडे बघत उभे राहिले.

तेव्हापासून त्यांना समोरच्या माणसाचे कान दिसत, नाक दिसत नसे. छापील अक्षर तर गेलंच. गाव म्हणालं, मास्तरास्नी गिराण लागलं. मास्तर चिडले नाहीत. मला म्हणाले, "पाटील, ह्यात ग्रहणाचा काय संबंध न्हाय. सूर्य रोज तेवढाच तापतो. मीच गाढवपणा केला. पण ह्ये आता गावाला कसं पटवायचं?"

ते पटवण्यासाठी त्यांनी वही सुरू केली.

कल्पना साधी होती. पंचांगात ज्या घटका अशुभ म्हणून छापलेल्या असतात, नेमक्या त्याच घटकांत सगळी कामं करायची, आणि काय होतं ते लिहून ठेवायचं. दहा-बारा वर्षं नेटाने केलं की पुरावा तयार. मग तो भर सभेत गावापुढं वाचायचा. आयुष्यात त्यांना दुसरं काही नको होतं. त्यांना पगारवाढ मिळाली तेव्हा ती वहीत "परिणाम: काही वाईट नाही" या सदरात गेली.

मी पहिल्यांदा त्यांच्या घरी गेलो तेव्हा ते असेच उंबऱ्यात उभे होते.

"बसा पाटील. शाळेत निघायचं हुतं, पण वेळ शुभ हाय."

"मग बरंच की."

"बरं कसं? शुभ वेळेला गेलो आन काय वाईट झालं न्हाय, तर त्यातनं काय सिद्ध होणार?"

आम्ही दोघे अर्धा तास थांबलो. शाळेला उशीर झाला, त्याचा दंड माझ्याही पगारातून गेला.

अडचण एवढीच होती की त्यांना पंचांग वाचता येत नव्हतं. ते त्यांच्या पत्नी वाचून दाखवत. पद्माक्का चिकोडीकडच्या. माहेरी कन्नड बोलत, पण मराठी चौथीपर्यंत शिकलेल्या. रोज सकाळी स्वयंपाकघराच्या दारात बसून त्या पंचांगातली घटी-पळं वाचत आणि मास्तर तोंडी हिशेब करून त्यांची तास-मिनिटं करत. वाचताना पद्माक्का मध्येच थांबून कन्नडमध्ये काहीतरी पुटपुटत. मला वाटे, त्यांना आकडे लागत नाहीत.

मी एकदा मास्तरांना म्हणालो, "तुम्ही हे गणित स्वतःच शिकून घ्या. तिथी-नक्षत्र कळलं की वाचायला कुणी लागणार नाही."

"त्येचं शास्त्र शिकायचं म्हणजे त्येला शास्त्र म्हणायचं," ते म्हणाले. "छापलंय तेवढं बास."

अमावास्या मात्र न वाचताही कळते. त्या दिवशी मास्तर पहाटेपासून उत्साहात असत. पण का कोण जाणे, अमावास्येला त्यांचं धोतर हटकून वाळलेलं नसे.

खिशातल्या घड्याळाचे काटे दिसेनात, म्हणून त्यांनी गजराचं मोठं घड्याळ घेतलं. अशुभ घटका जिथं सुरू होते तिथं गजर लावायचा आणि घड्याळ पिशवीत घालून खांद्याला अडकवायचं. वर्गात, बाजारात, एकदा तर कुणाच्या तरी मयतीला, ती पिशवी खणाणायला लागे आणि मास्तर हातातलं काम टाकून दुसरं काम सुरू करत. हळूहळू गावाला त्या गजराची सवय झाली. तंबाखूचे व्यापारी रायाप्पा शेट तर गजर ऐकला की वखारीतला वजनकाटा थांबवत. "मास्तरांची वाईट येळ लागली," असं म्हणून हमाल बिड्या ओढत बसत. गजराने गाव सावध होतंय हे पाहून मास्तरांना फार वाईट वाटे, पण प्रयोग अर्ध्यात सोडता येत नव्हता.

नुसती घटका पुरेशी नाही असं त्यांना पुढं वाटू लागलं. काम सुरू करताना कुणी शिंकलं तर अपशकुन, म्हणून शिंकही हवी. निपाणीत तपकिरीला तोटा नाही. हे काम बाळाप्पाकडे आलं. शाळा तपासायला डिप्टीसाहेब यायचे होते त्या दिवशी मास्तरांनी त्याला दारात उभं केलं आणि सांगितलं, साहेबांनी उंबऱ्यात पाय टाकला की एकच शिंक. बाळाप्पाने कामात कुचराई करायची नाही म्हणून चिमटीभर जास्त ओढली. साहेब आत आले तेव्हा त्याने सलाम केला आणि लागोपाठ अकरा शिंका दिल्या. त्यातल्या निदान चार साहेबांच्या कोटावर गेल्या.

साहेबांनी विचारलं, "याला काय झालंय?"

मास्तर पुढं होऊन म्हणाले, "साहेब, ही शास्त्राची तयारी हाय."

शेरा चांगला मिळाला. साहेब तपासायला थांबलेच नाहीत. मास्तरांनी वहीत लिहवलं: "अशुभ घटका, शिंका अकरा. परिणाम उत्तम."

लिहायचं काम माझं होतं. संध्याकाळी ते सांगत आणि मी उतरवून घेई. "भद्रेच्या अशुभ घटकेत दाढी केली. कापले नाही." "वर्ज्य घटकेत संकेश्वरास गेलो. मोटर वाटेत बंद पडली. ती नेहमीच पडते." "अशुभ घटकेत सासऱ्यांस पत्र धाडले. उत्तर नाही. पूर्वीही येत नसे." खोटं एक अक्षर त्यांनी लिहवलं नाही. वाईट झालं तर तेही लिहवत: गाईने लाथ मारली, कौल पडलं, बदली होता होता राहिली.

अशा बारा वर्षांच्या वहीत एकच ओळ अशी होती की जिचा परिणामाचा रकाना कोरा होता. मी एकदा विचारलं, तर म्हणाले, "ऱ्हाऊ दे तसंच."

सभेचा योग रायाप्पा शेटांच्या घरच्या लग्नामुळे आला. मुलगा लग्नाचा, मुलगी ठरलेली, पण पंचांगात चार महिने मुहूर्त नाही. मुलीकडचे घाईला आलेले. शेट म्हणाले, "मास्तर आन केशवभट, तुमी दोघांनी गावासमोर बसून एकदा काय ते मिटवा. म्हणजे मला मांडव घालायचा का न्हाय ते कळंल."

केशवभट जोशी म्हणजे गावचे पंचांग सांगणारे. ते आणि मास्तर लहानपणी एका बाकावर होते. एकमेकांना अरेतुरे करत आणि एकमेकांच्या मताला शेणाची किंमत देत.

युद्धामुळे रॉकेल मिळत नव्हतं, म्हणून सभा दुपारीच ठेवली होती. वाचनालयाची खोली भरून लोक व्हरांड्यात बसले. बायका डावीकडच्या भिंतीला, त्यांत पद्माक्का. शेट अध्यक्ष. मास्तर बाहेर पायरीवर उभे होते. पिशवीतला गजर वाजला, तेव्हा आत आले.

वही मी वाचत होतो. पहिल्या वर्षाच्या दाढ्या संपेपर्यंत शेटांना झोप लागली. लोक मात्र ऐकत होते. पाचव्या वर्षापर्यंत लोक एकमेकांकडे बघू लागले. एवढी कामं, एवढ्या वाईट घटका, आणि माणूस समोर धडधाकट उभा. मास्तरांचा चेहरा इतका खुललेला मी कधी पाहिला नव्हता.

"पाटील, जरा थांबा," केशवभट म्हणाले. त्यांना सभेआधी वही चाळायला दिली होती. "भरमा, मधली एक ओळ पाटलांनी वाचली नाही. नऊ वर्षांमागची. आषाढातली."

ते खरं होतं. मी ती गाळली होती.

मास्तर म्हणाले, "वाचा."

मी वाचलं. "अशुभ घटकेत इंदूस घेऊन बेळगावास, दवाखान्यात." पुढं काही नव्हतं.

इंदू ही त्यांची एकुलती एक मुलगी. सहा वर्षांची होती. विषमज्वर झाला, बेळगावला नेली, तिसऱ्या दिवशी गेली. हे खोलीत सगळ्यांना माहीत होतं. शेटांनी आपली मोटर दिली होती आणि ती दोन तास मास्तरांच्या दारात उभी होती, हेही माहीत होतं. मास्तरांनी आपल्या हट्टापायी पोरगी वाईट घटकेला बाहेर काढली, असं गाव नऊ वर्षं म्हणत आलं होतं. तोंडावर कुणी म्हणालं नव्हतं.

"परिणाम का लिहिला नाहीस?" केशवभटांनी विचारलं. त्यांचा आवाज चढलेला नव्हता.

"समद्यांस्नी ठावं हाय."

"वहीत नाही."

मास्तर केशवभटांच्या आवाजाच्या दिशेनं वळले. मग म्हणाले, "केशव, घटकेनं काय केलं न्हाय. गाडी दारात हुती, पोरगी तापानं फणफणत हुती, आन मी वाईट घटका लागायची वाट बघत दोन तास थांबलो. चांगल्या घटकेत निघालो तर वही बिघडंल म्हणून. पोरगी गेली ती घटकेनं न्हाय. थांबण्यानं गेली असंल. तुझ्या पंचांगावर त्ये ढकलता येत न्हाय. त्ये माझं हाय. आता त्या रकान्यात काय लिवायचं, तूच सांग."

केशवभट मांडीवरचं पंचांग उगाच चाळू लागले.

"त्येंनी न्हाय थांबलं," डावीकडून आवाज आला. पद्माक्का उभ्या राहिल्या होत्या. "मी थांबवलं."

शेट जागे झाले.

"गाडी आली तवा वाईट घटका चालू हुती," पद्माक्का म्हणाल्या. त्या जमिनीकडे बघून बोलत होत्या. "चांगली लागायला दोन तास हुते. मी उलटं वाचलं. चांगलीला वाईट म्हटलं. पोरीला घेऊन वाईट येळेला कशी भाईर पडू? म्हणून थांबवलं." मग म्हणाल्या, "पयल्या दिसापासनं मी उलटंच वाचत्ये. रोज. ह्येंचे डोळे गेले, वर आनि काय झालं असतं तर मी काय केलं असतं?"

मास्तरांनी मान त्यांच्याकडे वळवली. त्यांना तिथून पद्माक्कांचा चेहरा दिसत नसणार.

"समदी?" त्यांनी विचारलं.

"आवस सोडून समदी. आवसंला धोतर भिजवून ठेवत हुते."

मग केशवभट हळूच, स्वतःशीच बोलावं तसं म्हणाले, "तरीच. हा दिवाळीच्या पाडव्याला भर अमृत घटकेत छत्री घेऊन चालला होता. मला वाटलं माझंच पंचांग चुकलं. तेव्हापासून मी दोन पंचांगं विकत घेतो."

"थांबा, थांबा," शेट म्हणाले. "म्हणजे गजर वाजला की मी काटा थांबवायचो ती चांगली येळ? आन पुन्हा चालू करायचो ती वाईट?"

मागून बाळाप्पा म्हणाला, "मास्तर, शिंका तर खऱ्या हुत्या न्हवं?"

कुणीतरी हसलं, आणि मग सगळेच हसू लागले. पद्माक्का तशाच उभ्या होत्या. हसणं ओसरल्यावर त्या केशवभटांना म्हणाल्या, "केशवअण्णा, ती घटका तुमच्याच पंचांगात बघितल्याली. लई चांगली म्हणून छापल्याली. तीच धरून निघालो."

केशवभटांनी मांडीवरचं पंचांग मिटलं. चष्मा काढला, पुसला आणि हातातच धरून बसले.

मला तेव्हा एक गोष्ट लख्ख दिसली आणि मी मास्तरांच्या कानाशी लागलो. "मास्तर, पुरावा उलट जास्त पक्का झालाय. गाय, कौल, मोटर, सगळं शुभ घटकांतच घडलंय. आणि प्रयोग करणाऱ्याला स्वतःला ते माहीत नव्हतं. इंदूची ओळसुद्धा—"

"कळतंय मला," ते म्हणाले. "ती वही हिकडं द्या."

मी वही दिली. त्यांनी ती मिटून पिशवीत घड्याळाशेजारी घातली, आणि लोकांकडे तोंड करून म्हणाले, "वहीतली म्हायती चुकीची हाय. मी ती मागं घेतो."

बारा वर्षं ज्या दिवसासाठी घालवली तो दिवस एवढ्यात संपला. ते आणखी दोन वाक्यं बोलले असते तर जिंकले असते. पण ती दोन वाक्यं पद्माक्का तिथं उभ्या असताना बोलावी लागली असती.

शेट अस्वस्थ झाले. "अहो मागं घेतो काय? माझ्या पोराच्या लग्नाचं काय करू?"

केशवभट चष्मा घालत म्हणाले, "करा कधीही."

सगळे त्यांच्याकडे बघायला लागले. त्यांनाही ते जाणवलं. "फक्त शुक्रवार नको," ते म्हणाले. "शुक्रवारी मला कागलला जायचंय."

अशी ती सभा संपली. लोक आपापसांत बोलत बाहेर पडले. खुर्च्या लावून मी पायरीवर आलो तेव्हा मास्तर आणि पद्माक्का खाली फाटकाशी उभे होते. ऊन अजून होतं. त्यांचं बोलणं मला ऐकू येत होतं, आणि पुढं व्हावं की मागं फिरावं ते मला ठरवता येईना.

"नऊ वर्षं तू ह्ये एकटीनं ठेवलीस," मास्तर म्हणत होते.

"तुमी बी ठेवलासाच की."

"दवाखान्यातला डॉक्टर मला म्हणालता, दोन तासांनी काय फरक पडला नसता. आठ दिस आधी आणायला पायजे हुती, म्हणाला."

पद्माक्कांनी वर बघितलं. "खरं म्हणालता?"

"म्हणालता."

"मग वहीत का न्हाय लिवलं?"

"त्येला पुरावा कुठं हाय? त्येनं माझं तोंड बघून म्हटलं असंल." मास्तरांनी पिशवी दुसऱ्या खांद्यावर घेतली. "तरी तू मान."

"आन तुमी?"

"मी बी मानतो."

मग त्यांनी हात पुढं केला. समोरचं नीट दिसत नाही म्हणून केला असेल, किंवा तसाच केला असेल. त्या काळात निपाणीत नवरा-बायको रस्त्याने चालत तेव्हा मध्ये चार हातांचं अंतर असे. पद्माक्कांनी इकडं तिकडं बघितलं, आणि हात धरला.

दुसऱ्या दिवशी गावात ना पंचांगाची चर्चा झाली ना बुद्धिवादाची. चौगुले मास्तर भर रस्त्यातून बायकोचा हात धरून गेले, एवढंच आठवडाभर चाललं होतं. हेडमास्तरांनी मला बोलावून, हे मंडळाच्या ठरावानुसार झालं काय, असं विचारलं.

मी मात्र त्या दिवशी पायरीवरून त्यांना जाताना पाहत होतो. वखारींतून सुटलेल्या बायका घोळक्याने येत होत्या. त्या यांना बघून थांबल्या आणि पदर तोंडाला लावून वाट सोडून उभ्या राहिल्या. मास्तरांना त्या दिसल्या नसाव्यात. समोरून तंबाखूच्या बोदांनी, मोठाल्या गासड्यांनी भरलेली गाडी आली तेव्हा पद्माक्कांनी त्यांना हाताने ओढून कडेला घेतलं. गाडी गेली, धुरळा खाली बसला, आणि ती दोघं पुन्हा रस्त्याच्या मधोमध चालू लागली.